मासोळी दर्शन, पहाटे पाच ते सात

खैरीटोल्याच्या तलावातले मासे माणसांना भेटायला वर येतात, ही बातमी सिंदेवाहीपासून मूल गावापर्यंत पसरायला आठवडाही लागला नाही. प्रफुलनं व्हिडिओच तसा काढला होता. उजाडताना पाण्यावर शेकडो तोंडं, रोहूची, कतल्याची, सगळी गोल उघडी. मिटतात आणि पुन्हा उघडतात. वरून प्रफुलचा आवाज, की पाहा मंडळी, हे मासे आपलं स्वागत करून राह्यले. मग काय विचारता. तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, मोटारसायकली लागू लागल्या, लोक मुरमुरे आणि बिस्किटं घेऊन येऊ लागले, कुणी नारळ फोडून हात जोडले, आणि प्रफुलनं आंब्याच्या खोडाला फलक ठोकला: मासोळी दर्शन, पहाटे पाच ते सात.

मासे धरणाऱ्या ढिवरांच्या घरची सुगंधाबाई तो फलक रोज वाचायची आणि रोज बाजूला थुंकायची. साठी उलटलेली विधवा बाई. तिचा जन्म अर्धा पाण्यात आणि अर्धा पाळीवर गेलेला. मासा पहाटे वर येऊन तोंड वासतो तेव्हा तो कुणाचं स्वागत करत नसतो, त्याचा जीव घुसमटत असतो, हे तिला दुधाचे दात पडायच्या आधीपासून ठाऊक. खालच्या पाण्यात श्वास उरत नाही, म्हणून तो वरचं हवेला लागलेलं बोटभर पाणी पितो. आणि हे शहाणे काय करतात, तर मरायला टेकलेल्याच्या तोंडात मुरमुरे टाकतात. न खाल्लेले मुरमुरे तळाला जाऊन कुजायचे, म्हणजे दुसऱ्या दिवशी श्वास आणखी कमी, तोंडं आणखी जास्त, आणि ती बघायला गर्दीही जास्त. प्रफुल म्हणायचा, दर्शन वाढून राह्यलं.

यात तिचा स्वतःचा हात होता, आणि तेच तिला सगळ्यात जास्त झोंबायचं.

प्रफुल तिच्या दिराचा मुलगा. बारावी विज्ञान, तेही दोनदा, त्यामुळे तलाव समितीचा सचिव. चैत्रात कुठून तरी सुंदर तलाव स्पर्धेचा कागद आला. पाणी मोकळं आणि स्वच्छ दिसलं पाहिजे, अशी अट. तलावात तर हिरवं भरलेलं: फितीसारख्या लांब पानांचा चिला, पांढऱ्या फुलांचं पोवन. ढिवर बायकांनी ते पिढ्यान्‌पिढ्या राखलेलं. जिथं विरळ झालं तिथं छातीइतक्या पाण्यात उतरून रोपं खोचायची, आणि उपटायचं असेल तर आधी जाणत्या म्हातारीला विचारायचं, ही रीत. प्रफुलनं रीत मोडली नाही. त्यानं सुगंधाबाईला विचारलं. फक्त विचारताना मंडप टाकला, बँजो पार्टी आणली, शाल आणि नारळ आणला, आणि माइकवर तिला तलावाची माय म्हटलं.

ज्या बाईला जन्मात कुणी बसायला खुर्ची दिली नव्हती, ती त्या दिवशी खुर्चीवरून उठली, विळा घेतला आणि चिल्याची पहिली पेंढी स्वतःच्या हातानं कापली. लोकांनी टाळ्या वाजवल्या, फोटो निघाला. माणूस किती स्वस्तात विकला जातो याचा हिशेब तिनं पुढं पुष्कळदा केला, आणि दरवेळी उत्तर एक शाल असंच आलं. दोन दिवसांत चाळीस बायकांनी तलाव भादरून टाकला. काठचं बेशरमाचं झुडूप तेवढं राहिलं, कारण त्याची जांभळी फुलं फोटोत छान दिसतात असं समितीचं मत पडलं.

मग उन्हाळा आला तो सत्तेचाळीस अंशांचा. आडोसा गेलेलं पाणी ऊन थेट तळापर्यंत पीत राहिलं. पावसाळ्यात धानाच्या बांध्यांमधला युरिया वाहून आला. वर रस्त्याकाठच्या गिरणीत उसना, म्हणजे उकडा तांदूळ करतात, त्याचं आंबूस पाणी नाल्यानं आलं. हे पूर्वीही यायचं, पण चिला ते खाऊन टाकायचा. आता खायला कुणी नव्हतं, म्हणून पाणीच हिरवं झालं, होळीचा रंग कालवावा तसं. प्रफुलला वाटलं, वा, रंग आला. ते हिरवं दिवसा उन्हात श्वास सोडायचं आणि रात्री सोडलेला सगळा परत ओढून घ्यायचं. पूर्वी नवरात्रात रात्री अंगावर चादर लागायची, पाणी गार व्हायचं आणि गार पाण्यात श्वास टिकायचा. आता दसरा आला तरी रात्रीसुद्धा पाणी कोमटच.

सुगंधाबाईचं म्हणणं साधं होतं. जाळी आजच टाका. मासेमारी दिवाळीनंतर सुरू होते हे खरं, पण अर्धे मासे आत्ता काढले तर उरलेल्या अर्ध्यांना श्वास पुरेल. नाही तर बावीस घरांचा वर्षाचा मासा एका पहाटे उलटा होईल. ढिवरांच्या संस्थेचा अध्यक्ष लटारू याच्या दारात ती चार वेळा जाऊन बसली. लटारू वाईट माणूस नव्हता. वाईट व्हायलासुद्धा थोडी हिंमत लागते. त्यानं तिला चहा पाजला आणि सांगितलं की समितीनं तपासणी होईपर्यंत जाळं बंद ठेवलंय, दर्शन मोडेल म्हणून. वरून कागद आणा बाई, मग टाकू.

स्पर्धेची तपासणी करणारे, वरचा कागद लिहिणारे साहेब एका शनिवारी दुपारी साडेबाराला उगवले. सोबत बायको होती, कारण रविवारी तिकडून जंगल बघायला जायचं होतं. साहेबांनी पाण्यात वायर सोडली, हातातल्या डब्यावर आकडा आला नऊ. पाण्यातला श्वास मोजायचं ते यंत्र. नऊ म्हणजे उत्कृष्ट, साहेब म्हणाले, आणि समितीनं एकमेकांचे हात दाबले. भर उन्हात हिरव्या पाण्याला श्वास विचारायचा म्हणजे पंगतीतून उठलेल्याला भूक लागली का विचारण्यासारखं. सुगंधाबाई पुढं झाली.

"साहेब, हे मशीन पहाटे चालते काय?"

"मशीन चालते बाई," साहेब म्हणाले, "गाडी निघत नाही."

सगळे हसले. लटारूसुद्धा हसला. पण प्रफुलनं कौतुकानं व्हिडिओ दाखवला आणि साहेबांच्या बायकोनं हट्ट धरला, की जंगल राहू दे, आधी हे मासे बघायचे. झालं. माशांच्या जिवासाठी पहाटे न निघणारी सरकारी गाडी मुरमुऱ्याच्या पुड्यासाठी साडेचारला सिंदेवाहीच्या विश्रामगृहातून निघाली. येताना मशीन आणा, असं सुगंधाबाईनं ड्रायव्हरच्या कानावर तीनदा घातलं होतं, आणि त्या एकट्या माणसानं तिचं ऐकलं.

पाळीवर त्या दिवशी साठसत्तर माणसं होती. फटफटलं आणि तोंडं वर आली. इतकी की तलावाला देवी निघाल्यासारखं दिसावं. साहेबांची बायको आनंदानं ओंजळी भरभरून मुरमुरे टाकू लागली. सुगंधाबाईनं मशीनचा डबा साहेबांच्या हातात दिला. त्यांनी हसत वायर सोडली. आकडा आला दीड. त्यांनी वायर हलवली. आकडा एकाच्या खाली गेला आणि तिथंच बसला.

साहेबांचं हसू गेलं. त्यांनी पाण्याकडे पाहिलं, काल पाहिलं नव्हतं तसं. मग ते बायकोजवळ गेले, तिच्या ओंजळीतले मुरमुरे काढून घेतले आणि स्वतःच्या खिशात टाकले. सुगंधाबाईनं ते पाहिलं आणि तिच्या छातीतला दगड हलला. माणसाला कळलंय, तिला वाटलं. सगळं कळलंय.

"किती आला, साहेब?"

"सेल उतरलेत," साहेब म्हणाले. डबा त्यांनी पाठीमागं धरला होता.

"तुमचा नंबर तुम्ही ठेवा, बक्षीस बी ठेवा. मले फक्त एक ओळ लिहून द्या, का जाळं टाकाले हरकत नाई."

साहेबांनी प्रफुलकडे पाहिलं, गर्दीकडे पाहिलं, आकाशाकडेही पाहून घेतलं. मग हळू आवाजात म्हणाले, "बाई, फॉर्ममध्ये वेळ छापलेली आहे. दुपारी बारा ते दोन. पहाटेचा रकानाच नाही."

अडाण्याचा तिला कधी राग आला नव्हता. प्रफुल अडाणी होता, त्याच्या दोन बारावींसकट. पण ज्याला समजलं आणि ज्यानं समजलेलं मुरमुऱ्यांबरोबर खिशात घातलं, त्याची तिला शिसारी आली. गाडी गेली. कागदावर नऊच राहिला.

तिसऱ्या दिवशी आभाळ भरून आलं आणि तसंच बसून राहिलं. ऊन नाही, वारा नाही, अंगाची नुसती चिकचिक. उन्हाशिवाय ते हिरवं दिवसाही श्वास देईना. पाचव्या पहाटे दर्शनाला आलेल्या मंडळींना दर्शन झालं ते पांढऱ्या पोटांचं. काठापासून काठापर्यंत रोहू आणि कतला उलटे पडले होते. हवेतून श्वास घेणारे मरळ तेवढे बेशरमाच्या बुडाशी जिवंत होते. बावीस घरांची माणसं पाळीवर येऊन उभी राहिली. कुणी तरी पाण्यात उकडलेलं अंडं टाकलं म्हणून मासे कोपले, असा शोध प्रफुलनं लावला, आणि गावानं तो दुपारपर्यंत खराही मानला. वास सुटायच्या आत जेसीबी आणून सगळं पुरलं. सुगंधाबाई रडली नाही. तिला वाटलं होतं की येईल रडू, पण त्या जागी नुसता संताप होता, आणि त्यातला निम्मा स्वतःच्या हातावर.

आठवड्यानं निकाल लागला. खैरीटोल्याचा तलाव जिल्ह्यात पहिला.

शिवाय आणखी चार गावांना आपापले तलाव असेच सुंदर करायचे होते, आणि पहिली पेंढी कापायला त्यांना फोटोतली तीच बाई हवी होती. प्रफुल हा निरोप घेऊन तिच्या घरी गेला तर दाराला कडी. ती तलावात सापडली. ज्या जागी तिनं विळा चालवला होता तिथंच, छातीइतक्या पाण्यात. पाळीवर सत्काराची शाल पसरलेली आणि तिच्यात पलीकडच्या गावच्या तलावातून मागून आणलेली चिल्याची रोपं, मुळांसकट.

"मोठीमाय, हे काय करून राह्यली?" प्रफुल काठावरूनच म्हणाला. "परवा बक्षीस घ्याले जायचं हाये. पाण्यात गवत दिसलं त नंबर जाईल."

तिनं वाकून रोप चिखलात खोचलं, पायाच्या अंगठ्यानं दाबलं आणि मग मान वर केली.

"त्या चार गावांले सांग, मी येतो. पण पहाटे येतो, आन् विळा नाई आणत."

प्रफुलचा हात सवयीनं खिशातल्या मोबाईलवर गेला होता. तो त्यानं बाहेर काढलाच नाही. कापतानाचे फोटो काढायला त्या दिवशी चार जण होते. लावतानाचा फोटो कुणाला नको होता, आणि तिलाही नको होता. तिनं काठाशी येऊन शालीवर ओंजळभर पाणी शिंपडलं आणि पुढची चार रोपं उचलली. शाल मात्र चांगली निघाली. एकदा भिजवली की दुपारपर्यंत मुळं सुकू देत नव्हती.