मोर्चा पुढे गेला तेव्हा

ओल्या लाल रंगात ब्रशचा एक केस अडकला होता, 'शेड वाचवा'मधल्या 'श'च्या अगदी वळणावर... नखाने काढावा तर रंग फाटणार, ठेवावा तर सलत राहणार. बाकीच्यांना तो दिसणारच नाही, हे तर आणखी वाईट.

दारात ताई उभी होती. शेडमधल्या वीस-बावीस कलावंतांची पुढारी. मूळची शिल्पकार म्हणे; पण गेल्या चार वर्षांत तिच्या हातात माती दिसली नव्हती, दिसली ती नुसती निवेदनं.

"दादा, झालं का? साडेअकराला पालिकेतले साहेब निघून जातात. आज स्थगिती नाही मिळाली तर सोमवारी पाडतील शेड."

"तुम्ही व्हा पुढे. दहा मिनिटांत बॅनर घेऊन आलोच."

गेले एकदाचे! घोषणा धड सुरात नाहीत आणि निघाले शहराला शहाणपण शिकवायला. तो नाटकवाला, ज्याच्या प्रयोगाला नट जास्त नि प्रेक्षक कमी... आणि सव्वीस वर्षं दुकानांच्या पाट्या रंगवून इथे कोपरा धरून बसलेला तो स्वतः, त्यांच्या तोंडी नुसता 'आमचे पेंटर'. त्याच्या अक्षराकडे कधी कुणी मान वर करून पाहिलं? त्याने केस काढला. रंग फाटला, म्हणून वळण पुन्हा भरलं. मग शेजारचा 'ड' किडकिडीत दिसायला लागला. 'ड' सावरला तर 'वाचवा' हलकं पडलं — घाई असेल तर छापून आणा ना मशीनवरून, मी कशाला हवा? — पायाला मुंग्या आल्या तेव्हा त्याने घड्याळ पाहिलं. साडेबारा.

ताई एकटीच परतली आणि जमिनीवरच बसली. "बॅनर नाही, काही नाही... शिपायाला वाटलं, पाण्याची तक्रार घेऊन आलोय. तीन नंबरच्या खिडकीवर पाठवलं. रांगेतून सुटेपर्यंत साहेब गेले."

रंग वाळत नव्हता, कापड भिकार होतं, तुम्ही थांबायचं होतंत — कारणं त्याच्या जिभेवर तयार होती. ती ओरडली असती तर त्याने ती तोंडावर फेकली असती. पण ती कापडाकडे बघत राहिली. मान जराशी तिरकी करून, एकेका अक्षरावर थांबत.

"किती सुंदर झालंय हो, दादा."

सोमवारी ही भिंत नसेल, हा कोपरा नसेल, आणि त्यात आपला हात किती, हे त्याला लख्ख कळत होतं. तरी त्याला बरं वाटलं. इतकं, की स्वतःची शिसारी आली... आणि शिसारी आली तरी बरं वाटायचं काही थांबेना.