माझा तिसरा दात

मित्रांनो, मी जेवणाच्या टेबलावरचा एक जुना काटा आहे आणि अव्वल नंबरचा भित्रा आहे. चार दात, लांब मान आणि दांड्यावर पुसट झालेली वेलबुट्टी, असा माझा थाट. खणातल्या सुऱ्या मला भागूबाई म्हणतात. म्हणोत बापड्या. मी ज्याला घाबरतो ते त्यांनी एकदा जवळून पाहावं, मग बोलावं.

माझा जन्म पोलादाच्या कारखान्यात झाला. एका अजस्र यंत्राने पत्र्यावर दणका दिला आणि आम्ही सहा भावंडं एका दमात जगात आलो. घासूनपुसून आम्हाला खोक्यात घातलं आणि तिथून आम्ही एका शिंप्याच्या घरी पोहोचलो. गल्लीत त्यांना सगळे मास्तर म्हणत. त्यांचं लग्न नुकतंच झालं होतं आणि मास्तरीणबाईंनी आम्हाला मोठ्या हौसेने विकत घेतलं होतं. भावंडांपैकी आज माझ्याजवळ कुणी नाही. दोघं मास्तरांच्या मुलाबरोबर परगावी गेले, एक फळांच्या सालींबरोबर कचऱ्यात गेला, बाकीच्यांचं काय झालं ते मला माहीत नाही.

रविवारी मास्तरांचं दुकान बंद असे. त्या दिवशी नवरा-बायको मिळून फळांचे खिसे तळत. खिसे हे नाव मास्तरांनीच ठेवलेलं. मास्तरीणबाई सफरचंदाच्या नाहीतर नासपतीच्या बारीक फोडी साखरेत शिजवत आणि रस आटला की ताटात पसरून गार करत. मास्तर मैदा लोण्यात चोळून भिजवत, पातळ लाटत, वाटी पालथी घालून गोल कापत. मध्ये चमचाभर सारण, काठाला पाण्याचं बोट, आणि अर्ध्यावर घडी. मग माझी पाळी येई. काठावर माझे दात टेकवत टेकवत मास्तर या टोकापासून त्या टोकापर्यंत जात. आठ वेळा टेकवलं की खिसा बंद. खिशाची शिवण उसवली तर शिंप्याचं नाक कापलं जातं, असं ते म्हणत. मला त्या कामाचा फार अभिमान वाटे. बाकीच्या काट्यांना नुसतं जेवता येत होतं, मला शिवता येत होतं.

आणि मग तो दिवस आला. मुरंब्याच्या डब्याचं झाकण घट्ट बसलं होतं. बाईंनी बजावलं होतं की थांबा, मी शेजारून पक्कड आणते. पण मास्तरांना कुठला धीर. त्यांनी माझा तिसरा दात झाकणाखाली घातला आणि जोर केला. झाकण उघडलं. माझा दात मात्र वर वाकला. मास्तरांनी तो दाबला, ठोकला, इस्त्रीखाली धरला. तो थोडा खाली आला, पण पूर्ण आला नाही. बाईंची पावलं वाजली तसं त्यांनी मला घाईघाईने खणात टाकलं. आपण वस्तू मोडली हे कबूल करणं मास्तरांच्या जिवावर येई.

पुढच्या रविवारी त्यांनी मलाच हातात घेतलं. मी जीव तोडून दाबत होतो, पण तीन दात कणकेत रुतत आणि एक हवेत राही. प्रत्येक वेळी काठावर बारीकशी फट सुटत होती. वरून पाहिलं तर काहीच कळत नव्हतं. पहिले दोन खिसे तेलात गेले आणि निभावले. तिसऱ्याच्या फटीतून रस बाहेर आला. मित्रांनो, उकळत्या तेलात पाण्याचा अंश पडला की काय होतं ते मी ओट्यावरून पाहिलं. आधी एक बारीकसा चर्र आवाज झाला, मग खिसा फाटला आणि तेल कढईबाहेर उसळलं. मास्तरांचा हात मनगटापासून कोपरापर्यंत भाजला. तेव्हापासून तो चर्र आवाज माझ्या मनातून गेलेला नाही.

मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांना सगळं कळलं होतं. पण बायको हाताला थंड पाणी लावत असताना ते म्हणाले, की सारण ओलं राहिलं होतं.

बाईंनी ते खरं मानलं. पुढे त्या सारण दुप्पट वेळ आटवू लागल्या. फोडी कढईला लागेपर्यंत ढवळत, बोटाने पुन्हा पुन्हा दाबून पाहत आणि खिसा तेलात जाताना डोळे मिटून घेत. मास्तरांनी आपल्यापुरता उपाय शोधून काढला. ते एक फेरी झाली की मला एका दाताएवढं सरकवून परत काठावरून फिरवत, म्हणजे पहिली फट दुसऱ्या फेरीत बुजे. काठावर दुहेरी रेघांची सुंदर किनार उमटे. बाईंनी विचारलं, तेव्हा ते म्हणाले, ही नक्षी आहे.

त्या नक्षीचं काय कौतुक झालं! शेजारणी बघायला येत. शिंप्याच्या हातची किनार म्हणून नावाजत. मास्तर मिशीतल्या मिशीत हसत. आणि खरं सांगतो, मीही गप्प राहिलो, कारण मला बोलता येत नाही. पण येत असतं तरी बोललो असतो की नाही, कोण जाणे. वाकड्या दाताचा काटा म्हटलं की रवानगी भंगारात. तेव्हा झाकली मूठ झाकलेलीच बरी, असं मलाही वाटत होतं.

वर्षं गेली. मुलगा परगावी कामाला लागला. त्याची बायको आणि मुलगी मास्तरांजवळ राहिल्या. मास्तरीणबाई एका आजारपणात गेल्या. दुकान बंद झालं. मास्तरांची नजर इतकी अधू झाली की त्यांना समोर माणूस आहे एवढं कळे, कोण आहे ते आवाजावरून ओळखावं लागे. मी खणाच्या तळाशी, रिकाम्या बाटलीच्या बुचांबरोबर पडून होतो. अडगळीत पडल्याचं लोकांना दुःख होतं. मला तिथे सुखाची झोप लागत होती.

एका दुपारी खण उघडला. मास्तरांची नात, दहा वर्षांची, सगळे तिला चिमणी म्हणतात, तिने मला बाहेर काढलं. दुसऱ्या दिवशी तिच्या वर्गाची सहल होती आणि तिने मैत्रिणींना आजोबांचे खिसे आणते असं सांगून टाकलं होतं. तिची आई दवाखान्याच्या प्रयोगशाळेत रक्त तपासायचं काम करते. साडेतीनला तिला कामावर निघायचं होतं. तिने सोपा मार्ग काढला होता. लाटायची भानगड नको म्हणून दुकानातून तयार मैद्याच्या गोल चकत्या आणल्या होत्या. सफरचंदं किसून साखरेत पाच मिनिटं शिजवली होती. तसे खिसेही छान होतात, माझी त्याबद्दल तक्रार नाही. पण सारणात रस चांगलाच दिसत होता, आणि मी चिमणीच्या मुठीत होतो.

चिमणी स्टीलच्या ताटावर खिसे ठेवून काठ दाबू लागली. आठ वेळा टक टक, की पुढचा खिसा. तिने मधेच विचारलंही, की आजोबा दोनदा फिरवायचे ना? आई म्हणाली, ते नक्षीसाठी असायचं, सहलीत पोरी नक्षी बघत नाहीत, तोंडात टाकतात. माझी पाचावर धारण बसली. बिचारीचं काय चुकलं होतं? तिला जे सांगितलं गेलं होतं तेच ती सांगत होती.

वीस खिसे झाले. वीसही खिशांना फटी. कढईत तेल तापू लागलं. आईने कणकेचा कण टाकून पाहिला, तो तळाशी जाऊन हळूच वर आला. बाई कामाची चोख. चिमणीला तिने कढईला हात लावू दिला नाही. पण बघायला मिळावं म्हणून पोर शेजारी स्टुलावर चढली होती, आणि तिचं तोंड बरोबर कढईच्या काठाच्या उंचीला आलं होतं. मी ताटात पडल्या पडल्या तिच्याकडे बघत होतो. ओरडावंसं वाटत होतं. काट्याला कुठून येणार आवाज!

स्वयंपाकघराच्या दाराशी मास्तर खुर्चीत बसले होते. त्यांना दिसत नव्हतं, पण ऐकू येत होतं. टकटक मोजताना त्यांची बोटं मांडीवर हलत होती, ती मी पाहिली होती. सोळाच्या जागी आठ. त्यांना कळलं होतं, याबद्दल मला शंका नाही. ते खाकरले. मग म्हणाले, की अजून एक फेरी मारा, दिसायला छान दिसतं. ताकाला जाऊन भांडं लपवण्याची ही वेळ होती का?

"बाबा, नक्षी राहू दे आज," सून म्हणाली. "उशीर होतोय मला."

मास्तर गप्प बसले. मित्रांनो, मी आयुष्यात पुष्कळ घाबरलो, पण त्या गप्प बसण्याला जितका घाबरलो तितका कशालाच नाही. सुनेने पहिला खिसा तेलात सोडला. तो फुगला, रंगला, काही झालं नाही. तिने तो उलटला आणि दुसरा सोडला. चिमणी आणखी पुढे वाकली. तेवढ्यात तेलात बारीकसा चर्र आवाज झाला. बाकी कुणाला तो वेगळा वाटला नसेल. मास्तर ताडकन उठले. खुर्ची मागे पडली. भिंतीला हात लावत ते आत आले.

"सूनबाई, गॅस बंद कर. चिमणीला खाली घे. आधी खाली घे."

त्यांचा आवाजच असा होता की सुनेने का म्हणून विचारलं नाही. एका हाताने तिने गॅस बंद केला, दुसऱ्याने पोरीला कमरेला धरून खाली ओढलं आणि दोघी दारापर्यंत मागे आल्या. त्याच क्षणी खिसा फाटला. तेल उसळलं. ओट्यावर, भिंतीवर आणि चिमणीच्या रिकाम्या स्टुलावर थेंब पडले. स्टुलाच्या लाकडावर ते थोडा वेळ तडतडत राहिले.

मग मास्तरांनी उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. मुरंब्याचा डबा, माझा दात, भाजलेला हात, दुसरी फेरी. त्यांनी काही गाळलं नाही.

"आजीला का नाही सांगितलंत?" चिमणीने विचारलं.

"लाज वाटली गं. मग तिने मान्यच केलं की तिचं चुकलं. मग आणखी लाज वाटली." त्यांनी डोळे पुसले. "ती शेवटपर्यंत सारणाला घाबरायची. मी बघत होतो."

सुनेने त्यांची समजूत घातली नाही. ती एवढंच म्हणाली, "बाबा, अजून अर्धं मिनिट तुम्ही गप्प राहिला असता तर?"

मग तिने प्रयोगशाळेत फोन करून उशीर होईल असं कळवलं. राहिलेल्या अठरा खिशांवर चिमणीने मला एका दाताएवढं सरकवून दुसरी फेरी मारली. मास्तर शेजारी बसून कानाने मोजत होते. आईने दार लावून घेतलं आणि एकटीने, कढईपासून लांब उभं राहून ते तळले. एकही फुटला नाही.

संध्याकाळी सुनेने मला खिडकीच्या उजेडात धरून पाहिलं. तिसरा दात वर होता, आता दिसतच होता. मी मनाची तयारी केली. पण मास्तरांनी मला मागून घेतलं आणि चिमणीला शिवणाच्या पेटीतून लाल दोरा काढायला सांगितलं. कापडाच्या ठाणात कुठे दोष असला, की गिरणीवाले काठाला दोरा बांधतात. कापणाऱ्याने तिथे कात्री जपून चालवावी, म्हणून. मास्तरांनी चाचपत चाचपत तसाच दोरा माझ्या मानेला बांधला आणि दुहेरी गाठ मारली.

आता मी अंडी फेटतो, बटाटे कुस्करतो. घरी कुणी आलं की हमखास विचारतं, या काट्याला दोरा कशाला? मास्तर दुसऱ्या कुणालाही उत्तर देऊ देत नाहीत. स्वतः सांगतात. मुरंब्याच्या डब्यापासून सुरू करतात आणि बाईंच्या सारणात काही चूक नव्हती, इथे थांबतात. ते सांगताना दर वेळी त्यांचा आवाज अडखळतो, आणि दर वेळी मला वाटतं, आता हे पुढचं गाळतील. अजून तरी गाळलेलं नाही.

मित्रांनो, मी अजूनही भित्राच आहे. तेल तापायला लागलं की मी खणात शहारतो. पण तुमच्याकडे एक मागणं आहे. तुमच्या हातून एखादी वस्तू वाकली, चिरली, सैल झाली, तर ती लपवून ठेवू नका. कुणी रागावेल, रागावू दे. ती वस्तू दुसऱ्याच्या हातात देण्याआधी तिचा दोष तोंडाने सांगा. मला ते जमण्यासारखं नव्हतं. तुम्हाला जमेल.