कावळा शिवला होता

“ते घोंगावतं खाली घे, न्हाई तं दगडानं पाडतो!” सुग्रीव ओल्या धोतरानं ओरडला.

शहागडला गोदावरीच्या काठी त्याच्या थोरल्या भावाचा, रामेश्वरचा दहावा होता. दहा दिवसांमागं रेल्वेत झालेल्या स्फोटात आमच्या गावचा तो एकटा गेला. पिंड मांडून घंटा झाला, पण कावळे बाभळीवरून उतरेनात. उतरतील कसे? चॅनलवाल्यांचा ड्रोन पिंडावरच घिरट्या घालत होता.

माय वच्छलाबाई हात जोडून विनवत होती, “रामा, छकुलीला शिकवते रे. तुझी लेक उघडी पडू देणार न्हाई. ये बाप्पा.”

माइकवाला पोरगा तिच्या तोंडाशी गेला. “आजी, असं नको. बदला घेऊ म्हणा.”

“कोणाचा रे बाबा?”

“ते आम्ही सांगतो. तुम्ही फक्त रडत म्हणा.”

सुग्रीवनं खरंच दगड उचलला, तवा ड्रोन उतरला. चॅनलवाल्यांना हवं ते चित्र मिळालंच होतं. गाडीची धूळ बसली न बसली, तोच कावळा आला अन् भाताचा गोळा फोडला. तवा कुठं वच्छलाबाई पाणी मागून प्याली. मी शेजारीच उभा होतो.

संध्याकाळी गावातल्या हॉटेलात टीव्ही बोंबलत होता, ‘कावळा शिवेना! आत्मा मागतोय बदला!’ मधूनच शाम्पूची जाहिरात. चार टायवाले एकमेकांवर भुंकत होते. स्फोट झाला कसा, हे विचारायला एकाचीही जीभ वळली नाही. हॉटेलातले मात्र माना डोलवत होते. थुंकावंसं वाटलं.

रात पडायच्या आत मी वच्छलाबाईच्या घरी बसलो होतो, तवा शेजारची पुष्पाबाई आली. ती सकाळी काठावरच होती.

“आक्का, रामाच्या आत्म्याची शांत करून घ्या. न्हाई शिवला म्हणं.”

“अवं, तुमीच तं बोटानं दाखवला मला!”

“दाखवला खरा. पण टीव्हीत न्हाई म्हणून राह्यले. सारा देश पाहून राह्यला, समदे खोटे कसे आसतील?”

“डोळे फुटले का तुमचे?” मी खेकसलो.

सकाळी तिनं पुन्हा पत्र्यावर भात ठेवला. तीन कावळे तुटून पडले.

“झालं ना मावशी आता?”

ती कावळ्यांकडं बघेचना.

“भागवता, त्या माइकवाल्याला फोन लाव ना. शिवला म्हणून एकडाव टीव्हीत सांग म्हणावं. तो म्हणंल ते म्हणते मी. रडून म्हणते.”