पद्माकरांचं पान

सिंगापूरमध्ये पक्ष्यांना खायला घालणं गुन्हा आहे. दंड होतो. इथे राहून पंचवीस वर्षं झाली, पण त्या कायद्याचं मला कधी काही वाटलं नव्हतं. पद्माकरांच्या वर्षश्राद्धाला कावळ्यासाठी पान कुठे ठेवायचं हा प्रश्न आला, तेव्हा मात्र मला त्याचा भयंकर राग आला. राग माझ्या नाकाच्या शेंड्यावरच असतो, असं पद्माकर म्हणायचे. नवऱ्याचं श्राद्ध आणि कावळ्याला बंदी! आता जेवायचं कुणी?

मुलीला, इराला, फोन केला. ती बुओना व्हिस्टाला एका क्लिनिकमध्ये खेळाडूंची फिजिओथेरपिस्ट आहे.

"आई, गुरुवारी मला अजिबात जमणार नाही. आणि बाबांना असलं काही पटायचं का?"

"त्यांना काय पटायचं हे तू मला सांगणार? अडतीस वर्षं संसार केलाय मी."

"तसं नाही गं..."

"नसेल यायचं तर नको येऊस," मी म्हटलं आणि फोन ठेवला. ती म्हणत होती ते खरंच होतं. पद्माकर कावळ्याला कावळाच समजायचे. म्हणून तर मला जास्त लागलं.

घरात आणखी एकच माणूस होता, शुहेई कुरोदा. बुकित पंजांगच्या आमच्या फ्लॅटमध्ये मागची खोली आम्ही भाड्याने देतो, तिथे तो चार वर्षं राहत होता. मूळचा जपानचा, तोत्तोरी नावाच्या गावचा. इथल्या लीगमध्ये व्यावसायिक फुटबॉल खेळायला आला, गुडघा दुखावून घेऊन इराकडे गेला आणि तिने त्याला आमच्याकडे आणून सोडलं. त्याचं इंग्रजी मोडकं, माझं सदाशिव पेठेतलं. पण आमचं छान जमायचं. इराच्या मैत्रिणींचं ऐकून तो मला 'काकू' म्हणायला लागला, आणि यांना मात्र जपानी रीतीने मान देऊन 'पद्माकर-सान'. पद्माकर त्याची एकही मॅच चुकवायचे नाहीत. अर्धं स्टेडियम रिकामं असायचं आणि हे एकटे उभे राहून मराठीत ओरडायचे, "अरे, डावीकडे बघ, डावीकडे!"

दोन वर्षांपूर्वी क्लबने नव्या हंगामाची यादी लावली. तिच्यात शुहेईचं नाव नव्हतं. कुणी त्याला बोलावून सांगितलंसुद्धा नाही. बत्तीस वर्षांचा तो बाप्या तीन आठवडे खोलीचं दार लावून पडून होता. मग एके सकाळी स्वयंपाकघरात आला तो दोन्ही पंजांना पट्ट्या गुंडाळून.

पद्माकर चहा पिता पिता म्हणाले, "काय रे, आता गोलकीपर व्हायचं ठरवलंस?"

"बॉक्सिंग," शुहेई म्हणाला.

शाळेत असताना दोन वर्षं तो बॉक्सिंग शिकला होता म्हणे. मी कपाळावर हात मारला. आयुष्यभर पायांनी खेळलेल्या माणसाने आता हातांनी मारामारी करायची? मला तो निव्वळ खुळेपणा वाटला आणि मी तसं बोलले.

त्याने माझं सगळं नीट ऐकून घेतलं. मग म्हणाला, "काकू, फुटबॉलमध्ये मी बाकावर बसायचो. माझं नाव घेतील म्हणून वाट बघायचो. मग एक दिवस नाव घेणंच बंद झालं. बॉक्सिंगमध्ये माझ्या जागी दुसरा कुणी उतरू शकत नाही. एकदा तरी त्यांना माझं नाव घ्यावंच लागेल."

मी चहाचे कप विसळायला घेतले. पद्माकरांनी मात्र दुसऱ्या दिवशी स्टॉपवॉच विकत आणलं. इमारतीखालच्या मोकळ्या जागेत शुहेई हवेत ठोसे मारायचा आणि हे तीन मिनिटं झाली की "थांब" म्हणायचे. पहिल्या लढतीला पहिल्या रांगेत बसायचं त्यांनी ठरवून ठेवलं होतं. तेवढा वेळ त्यांच्या हृदयाने दिला नाही. ते गेल्यावर शुहेई रोज सकाळी सरावाला जाण्याआधी त्यांच्या फोटोसमोर उभा राहायचा, वाकायचा आणि मग बूट घालायचा.

त्याची पहिली लढत ठरली ती नेमकी वर्षश्राद्धाच्या आठवड्यात. शनिवारी लढत, शुक्रवारी सकाळी वजन. एकसष्ट किलो दोनशे ग्रॅम, त्यावर एक ग्रॅम चालणार नाही. त्याच्या कोचने स्पष्टच सांगितलं होतं की चौतिसाव्या वर्षी सुरुवात करणाऱ्याला दुसरी संधी कुणी देत नाही. ही जिंकली तरच पुढची.

शुहेईने फ्रिजवर कागद लावला होता. रोजचं वजन किती हवं, रोज काय खायचं. गुरुवारसमोर लिहिलं होतं: एक अंडं, अर्धं रताळं, घोटभर पाणी. तो कागद मी येता-जाता बघायचे, पण वाचला नव्हता, असं मी नंतर स्वतःला सांगून पाहिलं. ते खोटं आहे. मी तो वाचला होता. मला वाटलं, एवढ्याशा जेवणाने काय होतंय? आपल्याकडे कुणाचंही पथ्य असलं की आपल्याला असंच वाटतं.

गुरुवारी पहाटे उठून मी सगळं केलं. टेक्का मार्केटमधून अळू आणि केळीची पानं आदल्या दिवशीच आणली होती. अळूचं फदफदं, भोपळ्याची भाजी, आमसुलाची चटणी, कढी, वडे, तांदळाची खीर. एक पान फोटोसमोर वाढलं. दुसरं पान मांडलं आणि त्या रिकाम्या पानासमोर मी एकटीच बसून राहिले. इतकं एकटं मला ते गेले त्या दिवशीही वाटलं नव्हतं.

बाराच्या सुमारास शुहेई बाटली भरायला बाहेर आला.

"शुहेई, आज पद्माकरांसाठी कुणीतरी जेवायला हवं," मी म्हटलं. "तू बसशील?"

त्याने एकदा फ्रिजकडे पाहिलं. मी ते बघितलं. मग त्याने फोटोकडे पाहिलं. आत जाऊन हातपाय धुतले, स्वच्छ शर्ट घातला आणि पानावर येऊन बसला.

"थोडंसंच वाढते हं," मी म्हटलं. आणि खरोखर थोडंसंच वाढलं.

शुहेईला त्याच्या आईने शिकवलं होतं की पानात भाताचं शीतही टाकायचं नाही. त्याने सगळं संपवलं. आणि मला माझ्या आईने शिकवलं होतं की जेवणाऱ्याचं पान रिकामं दिसू द्यायचं नाही. मी वाढलं. त्याने संपवलं. मी पुन्हा वाढलं. आपल्यात पुरे झालं की माणूस पानावर आडवा हात धरतो, 'नको, नको' करतो, आणि त्या 'नको'लाही आपण दाद देत नाही. शुहेईने हात आडवा धरला नाही. दर वेळी मान लववून तो पुढचा घास घ्यायचा.

"आवडलं?" मी विचारलं.

"छान," तो म्हणाला. त्याला येणाऱ्या चार मराठी शब्दांपैकी तो एक.

सहा वडे आणि तीन वाट्या खीर. मी सुखावले होते. शुहेई आपलं पथ्याचं वेगळं शिजवून घ्यायचा, त्यामुळे वर्षभर मी एकटीपुरतं वाटीभर तांदूळ लावत होते. आज माझ्या हातचं कुणीतरी पोटभर खात होतं. शेवटी मी विचारलं, "पोट भरलं ना रे?"

त्याने उत्तर द्यायच्या आधी फोटोकडे बघितलं. "पद्माकर-सानचं भरलं?"

"हो," मी म्हटलं. "तृप्त झाले."

मगच तो उठला.

संध्याकाळी खिडकीतून दिसलं तर शुहेई इमारतीभोवती पळत होता. एवढ्या उकाड्यात अंगात प्लास्टिकचा जाड सूट, डोक्यावर टोपी. एक फेरी, दोन फेऱ्या, मी भांडी घासून संपवली तरी पळतच होता. मला वाटलं, जेवण जिरवतोय. मला चक्क हसू आलं. शुक्रवारी सकाळी तो बाहेर पडला तेव्हा त्याचे गाल आत गेले होते आणि ओठांना चिरा पडल्या होत्या. दुपारी इराचा फोन आला, "आई, वजनात बसला! अगदी काट्यावर."

शनिवारी दुपारी मी आणि इरा लढतीला गेलो. निवेदकाने माइक हातात घेतला आणि त्याचं नाव लांबवून पुकारलं, कुऽऽरोऽऽदा. शुहेईने डोळे मिटून ते ऐकलं. पहिली फेरी तो छान खेळला. दुसरीत मंदावला. तिसरीत त्याचे पाय, पंधरा वर्षं मैदानावर धावलेले पाय, जागचे हलेनात. कानशिलावर एक ठोसा बसला. फार मोठाही नव्हता. शुहेई खाली बसला आणि बसूनच राहिला.

मेंदूत थोडा रक्तस्राव होता. जगेल, चालेल, बोलेल, असं डॉक्टर म्हणाले. पण रिंगमध्ये पुन्हा कधीही नाही. फुटबॉलसुद्धा नाही.

हॉस्पिटलच्या कॉरिडॉरमध्ये इरा माझ्याशेजारी येऊन बसली. कोचच्या वहीचा फोटो तिच्या मोबाइलवर होता.

"आई, हे बघ. गुरुवारी सकाळी बासष्ट. संध्याकाळी जिममध्ये त्रेसष्ट-सहाशे. म्हणजे सकाळपर्यंत त्याने जवळजवळ अडीच किलो पाणी अंगातून काढलं. बॉडी इतकी डिहायड्रेट झाली की साधा ठोसासुद्धा मेंदूला सोसत नाही. तो म्हणतोय, मित्राबरोबर हॉकर सेंटरला, खाण्याच्या गाड्यांवर जेवलो, माझी चूक. शुहेई? तीन महिने ज्याने साखरेला हात लावला नाही, तो? गुरुवारी तू घरी होतीस ना? काही बघितलंस का?"

"नाही," मी म्हटलं. "मी माझ्या गडबडीत होते."

एकसष्ट वर्षांची बाई मी. पोटच्या पोरीच्या डोळ्यांत बघून खोटं बोलले. आत तो माझ्यासाठी खोटं बोलला होता आणि बाहेर मी.

दोन महिन्यांनी डॉक्टरांनी त्याला विमानाने जायची परवानगी दिली. तोत्तोरीला भावाची नाशपातीची बाग आहे, तिथे तो राहणार होता. निघायच्या दिवशी दुपारी मी साधंच केलं, वरण-भात आणि बटाट्याची भाजी. वाढलं. तो आता सावकाश जेवायचा, घास उचलताना उजवा हात थोडा कापायचा. शेवटचं शीत उचलून त्याने ताट रिकामं केलं.

माझ्या हातात भाताचा डाव होता. तो मला उचलवेना. मी पातेल्यावर झाकण ठेवलं आणि तशीच बसून राहिले.

शुहेईने रिकाम्या ताटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. चार वर्षांत या घरात तो जेव्हा जेव्हा जेवायला बसला, तेव्हा त्याचं ताट कधी रिकामं राहिलं नव्हतं. थोडा वेळ त्याने वाट पाहिली. मग दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून तो खाली वाकला.

"सॉरी, काकू. तुम्ही रागावलात. पद्माकर-सानचं जेवण जेवलो आणि मी हरलो."

"नाही रे राजा, नाही," मी म्हटलं. मला रडू आवरेना. "चूक माझी होती. मी तो कागद वाचला होता. वाचूनसुद्धा वाढत गेले."

"मीच लिहिला होता तो," शुहेई म्हणाला. मग त्याने विचारलं, "पण त्या दिवशी ते खरंच तृप्त झाले ना?"

पद्माकर असते तर ओरडून त्याला पानावरून उठवलं असतं. हे मला त्या गुरुवारीही माहीत होतं. शुहेई माझ्या तोंडाकडे बघत होता. त्याच्याकडे आता तेवढं एकच उरलं होतं.

"हो," मी म्हटलं. "खूप."

त्याने समाधानाने मान हलवली आणि ताट थोडं माझ्याकडे सरकवलं. मी झाकण काढलं आणि त्याला भात वाढला.

टॅक्सी गेल्यावर मी वर आले आणि इराला फोन लावला. "इरा, लढतीआधीच्या त्या गुरुवारी शुहेई माझ्याकडे जेवला होता," मी म्हटलं. "बाबांच्या पानावर."

मी फोन कानाला धरून उभी राहिले.