त्र्याण्णवपासून वर

कारखान्याच्या जुन्या कपडे बदलायच्या खोलीत सहा संगणक होते. पाच चालत होते. प्रिंटर एक. फ्लॉप्या एकोणीस. खुर्च्या बारा, शिकणारी माणसं नऊ. हंगेरीतल्या केचकेमेत गावच्या या जॅमच्या कारखान्यात १९८६च्या सप्टेंबरपर्यंत कुणी कीबोर्डला हात लावला नव्हता, आणि मी त्यांना दहा दिवसांत उत्पादनाच्या आकड्यांचे आलेख काढायला शिकवणार होते.

आठव्या दिवशी एतेल्काकाकू वर्गात आल्या त्या कोट न काढताच. कारखान्याची तिसरी लाइन त्यांच्या हाताखाली होती. त्यांनी माझ्या टेबलावर एक कागद आपटला. तीन लाइनींचे तीन खांब. पहिले दोन उंच, तिसरा त्यांच्या पायाशी बसलेला.

"हे तुमच्याच खोलीतून निघालंय ना, मास्तरीणबाई?"

"प्रिंटर इथलाच आहे."

"उद्या बुडापेस्टची माणसं येतायत. तीनातली एक लाइन बंद करणार. कॉम्रेड शिपोश त्यांच्यापुढे हाच कागद ठेवणार, आणि माझ्या बावीस बायका ऐन थंडीत अंगणात बरण्या धुवायला जाणार. किती मिळाले तुम्हाला?"

"कसले?"

"तेच तर विचारतेय."

आलेख गेलेर्तने काढला होता. तो नियोजन विभागातला कारकून, माझ्याच वर्गातला. खिशात कायम भोपळ्याच्या बिया. आदल्या दिवशी वर्ग सुटल्यावर तो मागे राहिला होता आणि उपसंचालक शिपोश दारात उभे होते, हे मला आठवलं. आकडे बदलले असणार, असं मनात आलं. मी त्याची फ्लॉपी मागितली.

"कशाला?" त्याने ती शर्टाच्या खिशात सारली.

"खिशात लपवतोय बघा," काकू म्हणाल्या. "कोंबडीचोर!"

"चोर कुणाला म्हणता? घ्या, बघा!"

आकडे पडद्यावर आले. माणशी ताशी बरण्या: अठ्ठ्याण्णव, सत्त्याण्णव, चौऱ्याण्णव. काकूंनी ॲप्रनमधून आपली वही काढली, बोट ठेवून वाचलं. त्यांचेही चौऱ्याण्णवच.

"मग माझा खांब एवढा बुटका कसा?"

"गेलेर्त, पुन्हा काढ. आमच्यासमोर."

तो एकेक प्रश्नाचं उत्तर भरत गेला. उभा अक्ष कुठून सुरू करायचा, असं संगणकाने विचारलं. त्याने काहीच न भरता एंटर दाबलं.

"इथे काही भरलं का नाहीस?"

"तुम्हीच सांगितलंत. पहिल्या दिवशी. प्रश्न कळला नाही तर एंटर दाबा, पुढचं मशीन बघून घेईल."

मागच्या खुर्चीवरून कुणीतरी हसलं. मी तसं सांगितलं होतं, अगदी याच शब्दांत. जागा रिकामी ठेवली की मशीन सगळ्यात लहान आकड्याच्या जरा खालून सुरुवात करायचं. कागदाच्या डाव्या कडेला, तळाशी, बारीक अक्षरात ९३ छापलेलं होतं. मी सात दिवस शिकवत होते आणि ते तपासलं नव्हतं.

मी शून्य भरलं आणि पुन्हा छापलं. पहिल्या आणि तिसऱ्या खांबात आता अर्ध्या नखाएवढा फरक होता.

काकूंनी दोन्ही कागद शेजारी धरले. "यातला खोटा कुठला?"

"आकडे दोन्हींत तेच आहेत. पण पहिल्यात फरक फुगलाय. चूक माझी आहे, काकू."

"चूक?" त्यांनी गेलेर्तकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "बघू, कॉम्रेडसाहेबांना ती चूक वाटते का."

आम्ही तिघं वर गेलो. मी शिपोशना सगळं समजावलं. त्यांनी दोन्ही कागद खिडकीच्या उजेडात एकावर एक धरले.

"दोन्हीकडे आकडे एकच?"

"हो. पण खांब—"

"मग अडलं कुठे, पोरी?" त्यांनी दोन्ही कागद एकाच फाइलमध्ये ठेवून नाडी बांधली. "एतेल्का, बस. कॉफी घेणार?"

"कॉफी घरी आहे. यातला कुठला दाखवणार, ते सांगा."

"उद्या बघू."

दुसऱ्या दिवशी बैठक बारा वाजून वीस मिनिटांनी संपली. कँटीनच्या फळ्यावर नोटीस लागली: तिसरी लाइन एक तारखेपासून बंद. शेजारी टाचण्यांनी आलेख लावला होता. मी स्टीलची पट्टी आणून खांब दोनदा मोजले. पहिला एकशे पंचवीस मिलिमीटर, दुसरा शंभर, तिसरा पंचवीस.