वनटेक बाई

युनिटने पहिल्याच दिवशी तिचं नाव ठेवलं: वनटेक बाई. नावं ठेवायला सुरुवात जरा उशिराने झाली.

नाव ठेवलं ते कौतुकानेच हं. मालिकेच्या सेटवर एकेक सीन सहा-सहा वेळा दळायची सगळ्यांना सवय, आणि ही नवी दिग्दर्शिका सीन एकदाच घ्यायची. मॉनिटरला नाक लावून बसायची, सीन संपला की म्हणायची, "ओके. पुढचा." घरी लवकर जायला मिळतंय म्हटल्यावर कोणाला नको असतं? लाइटवाले खूश, मेकअपवाले खूश, निर्माते तर आठवडाभर तिला "मॅडम, तुमच्यासारखं माणूस आधी का नाही भेटलं?" म्हणत हिंडत होते.

आता ही बाई काही आळशी नव्हती, की तिला घाई होती असंही नाही. अर्धं आयुष्य तिने माहितीपट केले होते. बंद होऊ घातलेल्या बोटीचा चालक, हॉस्पिटलचे कपडे धुणाऱ्या बायका, रात्रपाळीचे पाववाले, अशा माणसांच्या मागे कॅमेरा घेऊन ती महिनोन् महिने फिरली होती. सुरुवातीला ज्या म्हाताऱ्या कॅमेरामनच्या हाताखाली ती शिकली, त्याने तिला एकच गोष्ट डोक्यात घालून दिली होती: "माणसाला परत करा म्हणायचं नाही. परत केलं की ते खोटं झालं." बोटीच्या चालकाने शेवटच्या फेरीला इंजिन बंद केलं, नेमकी तेव्हाच कॅमेऱ्याची बॅटरी संपली. दुसऱ्या कोणीही म्हटलं असतं, काका, जरा परत इंजिन सुरू करून बंद करता का? हिने नाही म्हटलं. फिल्ममध्ये तेवढा वेळ पडदा काळा ठेवला आणि रेकॉर्डरवरचा नुसता आवाज ऐकवला. त्या काळ्या पडद्यालाच बक्षीस मिळालं. मग काय, तो नियम तिच्या अंगात भिनला तो भिनलाच.

पण बक्षीस देणारे पाचजण आणि बघणारे पन्नास, त्यातले निम्मे नातेवाईक. तिची आई प्रत्येक फिल्म शेवटपर्यंत बघायची आणि म्हणायची, "छान आहे गं. पण यात गोष्ट कुठाय?" गोष्ट सांगायची हौस तिला पहिल्यापासून होती. घराघरात बघतील असं काहीतरी एकदा आपल्या हातून व्हावं, हे ती कोणाजवळ बोलली नसली तरी मनात घोकत होती. पन्नाशी समोर दिसायला लागल्यावर ही मालिका चालून आली. पुन्हा कोण विचारणार होतं?

आणि मग एक दिवस संकलकाने तिला बोलावून घेतलं. तो तिचा माहितीपटांपासूनचा मित्र, सगळे त्याला कात्री म्हणत. तिनेच हट्टाने त्याला या कामावर आणलं होतं.

"बस," कात्री म्हणाला. "आणि बघ."

तिने पहिला भाग बघितला. सगळं जागच्या जागी होतं, कोणी अडखळलं नव्हतं, कोणी चुकलं नव्हतं. आणि सगळं शिळं होतं. माणसं बोलत होती, रडत होती, आणि बघणाऱ्याला त्याचं काही म्हणजे काही वाटत नव्हतं.

"दुसरा टेक लाव," ती म्हणाली.

"दुसरा टेक कुठून आणू? तू मला एकेकच दिलायस. मी कापू काय, माझी बोटं?"

"पण जे घडलं ते..."

"अगं, घडलंय कुठे?" कात्रीने खुर्ची तिच्याकडे वळवली. "बोटवाल्याचं आयुष्य घडत होतं, तू ते टिपलंस. इथे कोणाचं काय घडतंय? इथे तुलाच घडवायचंय."

निर्मात्यांनीही तो भाग बघितला होता. आठवड्यापूर्वीचं गोड बोलणं कुठल्या कुठे गेलं. मात्र माणूस सरळ होता, आडून बोलला नाही. "मॅडम, उद्या माईंचा फोनचा सीन परत करा. भागाचा जीव त्यात आहे. तो जमला, तर मालिका तुमची. नाही जमला, तर सोमवारपासून दुसरे दिग्दर्शक येतील. राग मानू नका."

तिने राग मानला नाही. राग मानायला निदान आपलं बरोबर असावं लागतं.

घरी आली तेव्हा आई भिंतीवरच्या घड्याळाला चावी देत स्टुलावर उभी होती. घड्याळ हातात आलं की आईची ती गोष्ट सुरू होणार, हे ठरलेलं. लेक चार वर्षांची असताना बस स्टँडवर कशी हरवली, ती गोष्ट. एरवी ही पहिल्याच वाक्याला म्हणायची, "आई, माहितीये." आज तेवढंही त्राण नव्हतं. ती पर्ससकट खुर्चीत बसून राहिली.

"सगळा स्टँड पालथा घातला," आई सांगत होती. "आणि तू कुठे? घड्याळवाल्याच्या दुकानात, थेट टेबलावर मांडी घालून. आणि त्यालाच विचारतेस, काका, एवढे सगळे काटे वेगवेगळी वेळ का सांगतात? तो बिचारा घाम पुसतोय." आई नेहमीसारखी हसली आणि खाली उतरली. गोष्ट नेहमी इथेच संपायची.

लेकीने एक शब्द तोंडात घोळवला. दाताखाली खडा यावा तसा तो लागत होता.

"परत सांग," ती म्हणाली.

आईने आधी तिच्या कपाळाला हात लावून बघितला. "बरी आहेस ना?"

"बरी आहे. सांग ना परत."

जन्मात कोणी हे म्हटलं नव्हतं. आई समोर बसली आणि तिने पहिल्यापासून सुरुवात केली. स्टँड आला, दुकान आलं, टेबल आलं. पण या वेळी काट्यांच्या प्रश्नाआधी ती थांबली.

"खरं म्हणजे मी लगेच दुकानात शिरलेच नाही," ती म्हणाली. "समोरच्या फुटपाथवर उभी राहिले. तुझी पाठ दिसत होती. हाकच मारवेना गं. वाटलं, हाक मारली, आणि वळून बघितलं ते दुसऱ्याच कोणाचं पोर निघालं तर? हाक मारत नव्हते तोवर तू सापडलेली होतीस."

इतकी वर्षं ही गोष्ट ऐकून तिचे कान किटले होते, आणि ती तिने आज पहिल्यांदा ऐकली. आईच्या मांडीवर डोकं ठेवून ती रडली. आईला वाटलं, नोकरीचं काहीतरी बिनसलंय. तेही खरंच होतं.

"आई, हे मी कामात वापरू?" तिने सकाळी निघताना विचारलं. न विचारता कोणाचं काही घ्यायचं नाही, हा दुसरा नियम, आणि तो अजून शाबूत होता.

"वापर की. मी काय त्याचं लोणचं घालणार आहे?"

सीन साधा होता. वर्षानुवर्षं बेपत्ता असलेल्या मुलाचा फोन येतो. माई फोन उचलते, पलीकडून "आई, मी बोलतोय," माई रडते आणि म्हणते, "बाळा, कुठे आहेस तू?" मुलाचं वाक्य कोपऱ्यात उभा राहून सहायक म्हणायचा. माईची भूमिका करणाऱ्या नटीला सगळे माईच म्हणत. केस याच कामात पांढरे झालेले.

पहिला टेक झाला. माई अगदी वेळेवर रडल्या. सवयीने लाइटवाला शिडीवरून उतरायलाही लागला.

"परत," दिग्दर्शिका म्हणाली.

लाइटवाला शिडीच्या मधल्या पायरीवर थबकला. "काय म्हणाल्या बाई?"

"परत घेऊ या."

वनटेक बाई परत म्हणतेय म्हणजे कोणीतरी मोठी चूक केली असणार, या धास्तीने सगळे एकमेकांकडे बघायला लागले. दुसरा टेक पहिल्यासारखाच झाला, उलट घाबरल्यामुळे जरा वाईटच. निर्माते मागे उभे होते, त्यांनी घड्याळ बघितलं.

ती उठली आणि माईंच्या पायाशी जमिनीवर जाऊन बसली. "माई, माझं चुकलं. तुम्हाला मी कधी परत म्हणालेच नाही."

"मला वाटायचं, बाईंना माझं काम बघायचा कंटाळा येतो," माई म्हणाल्या. "पहिल्या खेपेला मी नुसतं पाठ केलेलं ओकते हो. ते ओके झालं की मी घरी जाऊन खट्टू व्हायचे."

जे आपण जपतोय असं तिला वाटत होतं, तेच यांना अपमानासारखं वाटत होतं. मग तिने माईंना स्टँडची गोष्ट सांगितली, फुटपाथसकट. कसं करायचं ते काहीच सांगितलं नाही. माईंनी ऐकलं, नाक पुसलं आणि म्हणाल्या, "घ्या."

फोन वाजला. माईंनी उचलला.

"आई, मी बोलतोय."

माई रडल्या नाहीत. बोलल्याही नाहीत. फोन कानाशी धरून बसून राहिल्या, आणि हात मात्र असा आवळला की बोटं पांढरी पडली. सहायक गोंधळला. संहितेत त्याला पुढे वाक्यच नव्हतं. शेवटी बिचाऱ्याने आपल्या मनाने विचारलं, "आई? ऐकतेयस ना?"

"परत म्हण," माई म्हणाल्या. आवाज इतका बारीक की आवाजवाल्याने हेडफोन कानावर दाबला. "आई म्हण. परत."

"आई," सहायक म्हणाला.

दिग्दर्शिका ओके म्हणायचं विसरली. कोणी तिला आठवणही करून दिली नाही. निर्माते मागच्या मागे बाहेर गेले आणि बऱ्याच वेळाने डोळे धुऊन आले. "सोमवारी वेळेवर या, मॅडम," एवढंच म्हणाले. तिनेही तिथल्या तिथे सांगून टाकलं की दर वर्षी काही महिने ती माहितीपटाला जाणार. बोटवाल्याकडे तिला परत जायचं होतं, आणि या वेळी बरंच काही परत विचारायचं होतं. ते हो म्हणाले. त्या क्षणी त्यांच्याकडे घर मागितलं असतं तरी हो म्हणाले असते.

पहिला भाग लागला त्या संध्याकाळी आई टीव्हीसमोर चष्मा पुसून बसली. लेक शेजारी, बोटांची नखं खात. फोनचा सीन आला. माई गप्प बसल्या, तशी आईही श्वास रोखून बसली. तिचा हात आपोआप लेकीच्या मनगटावर आला आणि तिथेच घट्ट राहिला.

भाग संपला. जाहिराती लागल्या. लेकीने विचारलं नाही की यात गोष्ट सापडली का.

मग आईने रिमोट उचलून तिच्या हातात दिला.

"परत लाव," ती म्हणाली.