मिस अर्लीनच्या गाण्यातल्या मोकळ्या जागा

मी कॉलरला लावायचा एक माइक बोलतोय. वाटाण्याएवढा आहे, पण माणूस बोलायच्या आधी श्वास घेतो ना, तोही मला ऐकू येतो.

दुकानातून मी अमेरिकेतल्या श्रूजबरी गावच्या आश्लेषाकडे आलो. ती इथेच जन्मलेली, डॉक्युमेंटरी करणारी. जवळच वूस्टरमध्ये एक्क्याण्णव वर्षांच्या मिस अर्लीन राहायच्या, कॅरिबियन समुद्रातल्या एका लहानशा बेटावरून आलेल्या. आफ्रिकेतून गुलाम करून आणलेल्या पूर्वजांना हाक मारायचं एक गाणं त्यांना येत होतं. एकीने ओळ म्हणायची, बाकीच्यांनी उत्तराची ओळ म्हणायची. उत्तर देणाऱ्या मात्र आता कोणी उरल्या नव्हत्या.

शूटिंगच्या दुपारी ट्रायपॉड उचलायला आश्लेषाचे बाबा, देवदत्त, आले होते. मिस अर्लीननी टेबलावर बिनमिठाच्या भाताचं एक ताट वाढलं.

"पूर्वजांचं?" बाबांनी विचारलं. "आमच्याकडेही पान वाढतात."

"मग तुम्हाला वेगळं सांगायला नको. त्या खुर्चीत बसू नका."

मी मिस अर्लीनच्या कॉलरवर होतो. त्या एक ओळ म्हणायच्या आणि थांबायच्या. तिसऱ्यांदा थांबल्या तेव्हा रिकाम्या खुर्चीकडून मला श्वास ऐकू आला. मग एका बाईचा बारीक आवाज.

आश्लेषाने हेडफोन कानावर दाबला. "फ्रिज बंद करू का? नॉइज येतोय."

"फ्रिज नाही तो. माझी धाकटी बहीण आहे," मिस अर्लीन शांतपणे म्हणाल्या. "चालू राहू दे."

बाबा दोन पावलं मागे सरकले.

पुढच्या आठवड्यात एडिटर ईशानने ते ऐकलं. "गॅप्स फार मोठे आहेत, यार. आणि मागे कोणीतरी गुणगुणतंय. क्लीन करतो."

त्याने केलं. गुणगुण गेली, आणि तिच्याबरोबर मिस अर्लीनचा आवाजही गेला. स्क्रीनवर नुसते ओठ हलत होते. ईशानने तीनदा करून पाहिलं. मग खुर्ची मागे सारून म्हणाला, "आहे तसं ठेवू."

मार्चमध्ये मिस अर्लीन वारल्या. त्यांची भाची कँडेस आश्लेषाला म्हणाली, "मावशीकडून शिकायचं राहूनच गेलं." आश्लेषाने तिला रेकॉर्डिंग दिलं. आठवडाभर ती तेच ऐकत होती.

अंत्यविधीचंही शूटिंग आश्लेषाने केलं; मी कँडेसच्या कॉलरवर होतो. तिने हाकेची ओळ म्हटली, मग उत्तराचीही. पहिल्या रांगेतले एक म्हातारे काठी टेकत उठले. ते त्याच बेटावरचे होते.

"ही दुसरी ओळ तुला कोणी शिकवली? अर्लीन तर फक्त हाक द्यायची."

"रेकॉर्डिंगमध्ये आहे ती."

"उत्तर तुझी आई द्यायची. अगदी अशीच, शेवटचा सूर ओढून. तू रांगत होतीस तेव्हा गेली ती."

कँडेसचं काळीज माझ्या इतकं जवळ धडधडत होतं, की दुसरं काही ऐकू येईना. आईचा आवाज तिला आठवतही नव्हता, आणि आठवडाभर ती तोच ऐकत होती.

आता माझी वायर सैल झालीय. पुढचं शूटिंग नव्या माइकवर होणार, मी खणात पडून आहे. एवढीच विनंती करतो, की कोणी गाता गाता थांबलं तर लगेच कट म्हणू नका. त्या माइकला थोडा वेळ तिथेच राहू द्या.